सासष्टीतल्या पोदेराच्या घरी पोयी शिकायची तर

गोव्यातल्या सासष्टी तालुक्यात, पोदेराकडे म्हणजे पाववाल्याकडे जाऊन पाव शिकायचा असेल तर पहिली सूचना ही: संध्याकाळी पाच वाजता बेकरीच्या दारात उभं राहून "मला शिकवाल का?" असं विचारू नका. त्या वेळी आत संध्याकाळचा पाव भट्टीतून निघत असतो, बाहेर सायकली लागलेल्या असतात आणि दारात आलेला माणूस गिऱ्हाईक नसेल तर तो अडचण असतो. मी नेमकं हेच केलं. उत्तर आलं, "फाल्यां यो." उद्या ये. दुसऱ्या दिवशी गेले, पुन्हा "फाल्यां यो". तिसऱ्या दिवशी मी बेकरीकडे गेलेच नाही. सकाळी पोदेराच्या भोंग्याचा पों-पों आवाज आल्यावर रस्त्यावर जाऊन चार पोयो (कोंडा लावलेला पोकळ पाव ती पोयी, अनेक त्या पोयो) घेतल्या आणि सायकलवरच्या मुलाला विचारलं, "घरची माणसं मोकळी कधी असतात रे?" तो म्हणाला, "तीन वाजता. निजून उठल्यावर."

तीन वाजता गेले. पोदेर अंकल ओसरीवर चहा पीत बसले होते, समोर बशीत कांकणं, म्हणजे पावाची कडक कडी. त्यांनी एक माझ्यापुढे सरकवलं. चहात बुडवलेलं कांकण कसं खायचं हेही मला येत नव्हतं. अर्धं कपात पडलं आणि सगळे हसले. त्या हसण्यावर माझं काम झालं.

पुढे लिहिलंय ते त्या घरी काढलेल्या पाच रात्रींतून आणि नंतर पुण्यातल्या ओट्यावर बिघडवलेल्या बऱ्याच पिठातून आलेलं आहे.

आधी ठरवा: शिकायचं काय?

"गोव्याचा पाव" असा एक पाव नाही. पोदेराच्या टोपलीत साधा चौकोनी पाव असतो. कडक सालीचा गोल उंडो असतो. कापून दुमडल्यासारखा दिसणारा कात्रो असतो, तासभर चघळता येतील अशी कांकणं असतात, आणि कोंड्यात लोळलेली, आतून पोकळ अशी पोयी असते. पाचही शिकू म्हणाल तर एकही येणार नाही. एकच धरा.

मी पोयी धरली, त्याला कारण आहे. भाकरी किंवा फुलका करणाऱ्या हाताला पोयी ओळखीची वाटते. गरम तळ, मधे कोंडलेली वाफ, वरचा पापुद्रा सुटून आलेली फुगी, हे सगळं आपण तव्यावर रोज पाहतो. फरक इतकाच, की इथे पीठ आंबलेलं असतं आणि उष्णता खालून, वरून, बाजूंनी अशी चहूकडून येते. "उंडो" हा शब्द तर आपल्या घरातलाच. पुरण भरण्यासाठी कणकेचा करतो तो उंडा.

"पाव" मात्र पोर्तुगिजांकडून आला, वस्तूही आणि शब्दही. चार तुकड्यांत मोडतो म्हणून पाव, पायाने मळतात म्हणून पाव, या व्युत्पत्ती चवीने सांगायच्या आणि सोडून द्यायच्या. "पोदेर" हाही पोर्तुगीज "पादेइरु"चा कोंकणी अवतार. १५१० मध्ये पोर्तुगिजांनी गोवा जिंकला तेव्हा हा मुलूख भाताचा होता, आणि गहू इथे आजही बाहेरूनच येतो. पाव करण्याची विद्या जेझुइट पाद्र्यांनी सासष्टीतल्या लोकांना दिली आणि ती आधी माजोर्डा गावात रुजली, असं गोव्यात सांगतात. विहिरीत पावाचा तुकडा टाकला आणि गाव बाटला, ही गोष्ट आपल्याकडच्या आज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या सांगितली. पुढे मुंबईत गेलेल्या गोवेकरांना "मकापाव" म्हणून चिडवलं गेलं. ज्या पावाने माणूस बाटतो तोच आज आपण वड्याला गुंडाळून खातो, ही गंमत अंकलना सांगितली तर ते म्हणाले, "मग आता तू आमच्या फोर्नात हात घालून काय होणार?"

फोर्न म्हणजे त्यांची भट्टी. हा शब्द लक्षात ठेवा, दिवसातून पन्नास वेळा कानावर पडेल.

घर कसं मिळवायचं

मडगाव गाठा. तिथून सासष्टीतलं कुठलंही गाव बसने किंवा भाड्याच्या स्कूटरने जवळ आहे. माजोर्ड्याला कोकण रेल्वेचं स्वतंत्र स्टेशनही आहे. समुद्राकाठचं रिसॉर्ट नको. गावात, वाड्यावर, कुणाच्या तरी घरातली खोली घ्या. पोदेर दारावर येतो तो तिथेच. निदान पाच रात्री हाताशी ठेवा. पहिल्या दोन ओळख होण्यात जातात.

सकाळ-संध्याकाळ एकाच पोदेराकडून पाव घ्या. सुटे पैसे द्या. तिसऱ्या दिवशी दुपारी घरी जा आणि सरळ सांगा: "म्हाका पोयो करूंक शिकूंक जाय." उच्चार चुकला तरी चालेल. मराठी त्यांना कळते, तरी पहिलं वाक्य कोंकणीत टाकलं की तुम्ही रीलसाठी आलेल्यांपैकी नाही एवढं समजतं.

दोन गोष्टी आधीच पाहून घ्या. एक, भट्टी लाकडावरची आहे का. बऱ्याच ठिकाणी आता डिझेलच्या किंवा विजेच्या भट्ट्या आल्यात. तिथला पाव वाईट असतो असं नाही, पण हा लेख त्यांच्यासाठी नाही. दोन, भट्टी चालवतं कोण? अनेक गोवेकर कुटुंबांची पुढची पिढी परदेशी किंवा बोटीवर गेली आणि भट्ट्या शेजारच्या कर्नाटकातून किंवा आणखी दुरून आलेल्या कारागिरांना चालवायला दिल्या गेल्या. "अस्सल गोवेकर घरच हवं" म्हणून नाक मुरडू नका. रोज रात्री जो हात भट्टीत जातो, विद्या त्याच्याकडे असते. मी राहिले त्या घरातही सर्वांत चांगली पोयी थापणारा माणूस बेळगावकडचा होता आणि माझ्याशी मराठीत बोलायचा.

पैशांचं पहिल्याच दिवशी बोला. हे त्यांचं पोट आहे. तुमच्या हातून वीस पोयो बिघडल्या तर वीस पोयोंचं नुकसान होतं. मी म्हटलं, "रोज मी जितकं पीठ वापरीन त्याचे पैसे आणि तुमच्या वेळेचे वेगळे." पिठाचे घेतले, वेळेचे नाकारले. पुण्याहून नेलेली भाकरवडी शामायने, म्हणजे घरातल्या आजीने, एक खाऊन बाजूला ठेवली. तिला आवडलं ते मी सोबत नेलेलं ज्वारीचं पीठ. मग ठरलं की ती मला पोयी शिकवेल आणि मी तिला भाकरी. माझ्या भाकरीच्या कडा फाटल्या. तिच्या सुनेची दुसरीच भाकरी टम्म फुगली.

पैसे नाकारले गेले तर असाच काही मोबदला शोधा. पाव पोचवायच्या फेरीला मदत करा, टोपल्या धुवा. नुसतं "थँक्यू" पुरत नाही. "देव बरें करूं" म्हणायला मात्र विसरू नका.

कधी जावं, काय न्यावं

नाताळच्या आधीचा आठवडा आणि गावचं फेस्त, म्हणजे चर्चचा उत्सव, असेल ते दिवस टाळा. मागणी दुप्पट असते आणि शिकवायला कुणी रिकामं नसतं. एप्रिल-मेमध्ये भट्टीच्या खोलीत तासभर उभं राहवत नाही. भर पावसात लाकडं ओली असतात, धूर होतो आणि सगळे चिडलेले असतात. जानेवारीचा दुसरा आठवडा ते फेब्रुवारी किंवा ऑक्टोबरनंतरचे दिवस उत्तम.

कपडे सुती. नायलॉनची ओढणी भट्टीच्या तोंडाशी म्हणजे संकट. केस बांधलेले, पायात बंद चप्पल, हातात बांगड्या नाहीत. बाईमाणसाने एकटीने रात्री शिकायला जायचं असेल तर त्याच घरात किंवा अगदी शेजारी मुक्काम असावा आणि घरातली एखादी बाई रात्री जागी असते का हे आधी विचारावं. माझ्या बाबतीत शामाय जागी असायची. तिला झोपच येत नसे.

बॅगेत एक छोटा डिजिटल काटा, एक वही आणि पेन ठेवा. जमलं तर पंधरा-वीसशे रुपयांचा तापमान मोजणारं इन्फ्रारेड यंत्रही न्या. मोबाईल खिशातच बरा. पिठाचे हात लागले की त्याचा उपयोग संपतो.

"किती?" विचारू नका

पहिल्या रात्री मी विचारलं, "मीठ किती?" अंकल म्हणाले, "मूठभर." "पाणी?" "लागेल तितकं." "यीस्ट?" "थंडी असली तर जास्त." वहीत तीन ओळी झाल्या आणि तिन्ही निरुपयोगी.

चूक प्रश्नात होती. पोदेराच्या डोक्यात ग्रॅम नसतात, तो पुढ्यातलं पीठ पाहून ठरवतो. म्हणून दोन कामं वेगवेगळी करा. आकडे तुम्ही मोजा. त्यांना विचारायचं ते एवढंच: "कशावरून कळलं?" दुसऱ्या रात्री त्यांच्या मुठीत मीठ असताना मी काटा पुढे केला. तीन वेळा मूठ मोजली आणि तिन्ही वेळा फरक दोन-तीन ग्रॅमच्या वर नव्हता! पाण्याची बादली आधी वजन केली, नंतर उरलेलं पाणी वजन केलं. तासाभरात मला त्यांची सगळी कृती आकड्यांत मिळाली आणि त्यांना एकही प्रश्न विचारावा लागला नाही. मग "कशावरून कळलं?" विचारलं की उत्तरंही नीट यायची. "पीठ हाताला चिकटतंय पण हात सोडतंय." "वास आंबट झालाय, दारूचा नाही." "बोट दाबलं तर खड्डा हळूहळू भरतोय." हे वाक्यन्‌वाक्य वहीत उतरवा, शक्यतो त्यांच्याच शब्दांत.

रात्र कशी जाते

त्या घरचं वेळापत्रक असं होतं. इतर घरी तास दीड तास इकडेतिकडे.

रात्री आठला पीठ भिजायचं. पोयीसाठी अर्धी कणीक, अर्धा मैदा, मीठ, थोडी साखर, पाणी, आणि आदल्या दिवशीच्या पिठाचा राखून ठेवलेला गोळा. यीस्ट नावापुरतं. शामायच्या लहानपणी यीस्ट नव्हतंच. माडाची सूर घालून पीठ आंबवत. सूर म्हणजे आपली माडी. तिच्यात साखर असते आणि हवेतलं खमीर आपोआप वाढतं, म्हणून पिठाला वेगळं काही लागत नाही. पण ती ताजी लागते. उशीर झाला तर तिचा शिर्का होतो. आता माडावर चढणारे रेंदेर कमी झाले आणि असलेली सूर फेणीला आणि शिर्क्याला जाते. त्यामुळे "सुरेचा पाव" अशी पाटी दिसली तरी विचारून घ्या, सूर कुठल्या रेंदेराकडून येते. उत्तर देताना माणूस अडखळला तर समजायचं.

कोंड्याचंही तसंच. पोयी पौष्टिक म्हणून मधुमेहाचे लोक खातात, पण पुष्कळ ठिकाणी आत निव्वळ मैदा आणि वरून कोंडा भुरभुरलेला असतो. फोडून आतला रंग बघा.

मोठा घाणा यंत्रात मळतात. तुम्ही दोन किलो पीठ मागून घ्या आणि हाताने मळा. मी पहिल्यांदा कणकेसारखं घट्ट मळलं. अंकलनी काही न बोलता त्यात वाटीभर पाणी ओतलं. पोळीच्या कणकेपेक्षा हे पीठ बरंच सैल असतं, आणि सवय नसल्याने हात सारखा कोरड्या पिठाकडे जातो. तो आवरा. पंधरा मिनिटं मळल्यावर लिंबाएवढा तुकडा घेऊन दोन्ही हातांच्या बोटांनी ताणा. पातळ पडदा तयार होऊन पलीकडचा उजेड दिसला की झालं. कणीक असल्याने पडदा मैद्याइतका तलम येत नाही, थोडा ठिपकेदार दिसतो. ते चालतं.

मग पीठ झाकून सगळे झोपतात. तुम्हीही झोपा. मी पहिल्या रात्री उत्साहात जागी राहिले आणि साडेतीनला, नेमकी भट्टी भरताना, पेंगत होते.

साडेबाराला उठणं. पीठ दुप्पट झालेलं असतं. गोळे तोडायचे. बेळगावचा दादा काट्याकडे न बघता तोडायचा. मी दहा गोळे वजन केले, सगळे पंच्याऐंशीच्या आसपास. गोळा वळताना तळहाताची कड खाली फळीला घासत गोल फिरवायचा, म्हणजे वरचं कातडं ताणलं जातं आणि शिवण खाली जाते. हे ताणलेलं कातडंच पुढे फुगा धरून ठेवतं. मोदकाच्या पारीला भेग पडली की वाफ पळते, तसंच हे आहे.

वीस मिनिटं विश्रांती. मग गोळा कोंड्यात ठेवून तळहाताने दाबायचा, लाटणं नाही. साधारण अर्धी वीत रुंद, करंगळीहून थोडा कमी जाड. मधे जाड आणि कडेला पातळ झाली तर फुगत नाही. कडा पिचकलेल्या नकोत. थापलेल्या पोयो कोंडा पसरलेल्या कापडावर ठेवून वर दुसरं कापड. इथेच माझ्या पहिल्या दहा पोयो मेल्या. फॅनखाली होत्या आणि मी कापड टाकायला विसरले. वरचं कातडं वाळलं. भट्टीत गेल्यावर फुगण्याऐवजी ते तडकलं आणि वाफ फटीतून निघून गेली. दहा चपट्या थाळ्या. दादा म्हणाला, "कुत्र्याला पण चावायला जड जाईल." त्याच सकाळी आम्ही त्या भाजीत बुडवून खाल्ल्या.

भट्टी वाचायला शिका

शिकण्यासारखं सर्वांत जास्त इथे आहे, आणि घाईत असलेले लोक नेमकं हेच सोडून जातात.

फोर्न म्हणजे चिऱ्यांचा आणि मातीचा बुटका घुमट. तोंड एकच. निखाऱ्यांवर पाव भाजतात असा आपला समज असतो, पण तसं नाही. दीडच्या सुमारास आत, थेट जमिनीवर, लाकडं पेटवतात. सुरुवातीला नारळाची सोडणं आणि वाळकी चुडतं, मग जाड ओंडके. दोन तास आग चालते. या वेळात पाव कुठेच नसतो. आग फक्त दगड तापवत असते. घुमटाचं छत आधी काजळीने काळं होतं. मग आणखी तापलं की काजळी जळून जाते आणि छत फिकट पडतं. अंकलचं पहिलं "कशावरून कळलं?" हेच: "माथा धवो जालो." डोकं पांढरं झालं.

मग निखारे ओढून बाजूला घेतात किंवा बाहेर काढतात. बांबूला बांधलेल्या ओल्या गोणपाटाने जमीन पुसतात. मोठा फस्स आवाज येतो आणि आत वाफ भरते. त्या वाफेने पोयीचं कातडं पहिला मिनिटभर मऊ राहतं आणि फुगायला वाव मिळतो. नंतर पत्र्याचं झाकण लावून दहा-पंधरा मिनिटं थांबायचं, म्हणजे सगळीकडची उष्णता सारखी होते. हे थांबणं अनुभवी माणसाचं लक्षण. नवख्याला घाई असते.

पुढची परीक्षा पिठाची. चिमूटभर मैदा आत जमिनीवर भिरकावायचा. लगेच काळा झाला तर भट्टी फार तापली, झाकण उघडं ठेवून थांबा. पांढराच राहिला तर आग कमी पडली आणि आता फारसं काही करता येत नाही, पुन्हा लाकूड. सावकाश दहा मोजेपर्यंत बदामी झाला तर बरोबर. त्या वेळी मी यंत्र रोखलं तर जमिनीवर २९० अंश सेल्सियस दिसलं. दुसऱ्या दिवशी ३०५. अंकलनी यंत्र हातात घेऊन आपल्या चहाच्या कपावर रोखलं, आकडा वाचला आणि परत दिलं. पुन्हा विचारलं नाही.

नंतर क्रम उतरत्या उष्णतेचा. सर्वांत आधी पोयी, कारण तिला कडक तळ लागतो. मग उंडे आणि पाव. शेवटी, भट्टी मंदावल्यावर, कांकणं. त्यांना भाजण्यापेक्षा वाळणं जास्त हवं असतं. एकदा तापवलेल्या दगडाची पै न्‌ पै वसूल!

पोयी आत टाकायला लांब दांड्याची लाकडी फळी असते. फळीवर कोंडा, त्यावर तीन-चार पोयो, आत नेऊन झटक्याने फळी मागे ओढायची. हळू ओढली तर पोयी दुमडते. पहिल्या दोन दिवशी रिकाम्या फळीवर ओल्या फडक्याच्या घड्या ठेवून सराव करा. अंगणात जागा भरपूर असते. मागच्या कोपऱ्यापासून पुढे असं भरत यायचं, कारण पहिल्या पोयो तयार होईतो शेवटच्या पडतात. भट्टीच्या तोंडाशी चेहरा नेऊ नका. आतली हवा दिसत नाही पण भुवया जाळते. हे मी ऐकीव सांगत नाहीये.

दोन-अडीच मिनिटांत आत हालचाल दिसते. एक फुगते, शेजारची फुगते, आणि मग सगळ्या. सहा-सात मिनिटांत बाहेर. खालून टिचकी मारली की पोकळ आवाज यायला हवा. पोयी जरा चिवट, चामड्यासारखी असते, ती कुरकुरीत करायच्या नादात आत जास्त ठेवू नका.

पाच वाजता टोपल्या भरल्या की सायकली सुटतात. निदान एका सकाळी मागे जा. कुठल्या घरी किती आणि कुणाला कडक लागतात, कुणाकडे कुंपणाला पिशवी टांगलेली असते, हे सगळं पोदेराला तोंडपाठ असतं. परत आल्यावर पातळ भाजी आणि गरम पोयी. शागुती आणि भरलेला बांगडा रात्रीसाठी.

घरी आल्यावर

पुण्यात भट्टी नाही, पण ओटीजी, म्हणजे घरगुती विजेचा ओव्हन, आहे. दहा पोयोंसाठी मी आता हे प्रमाण वापरते.

आदल्या रात्री १०० ग्रॅम मैदा, ७० मिली पाणी आणि दोन चिमटी यीस्ट कालवून झाकून ठेवा. हा तुमचा राखून ठेवलेला गोळा. सकाळी त्यात २५० ग्रॅम कणीक, १५० ग्रॅम मैदा आणि २७५ मिली पाणी घालून नुसतं कालवा व अर्धा तास ठेवा. कणीक गिरणीतून आणलेली, न चाळलेली असावी. नंतर १० ग्रॅम मीठ, १० ग्रॅम साखर, अर्धा चमचा इन्स्टंट यीस्ट घालून बारा मिनिटं मळा. पीठ चिकटेल. हाताला पाणी लावा, कोरडं पीठ नको.

उबदार दिवशी पीठ दीड-दोन तासांत दुप्पट होतं. डिसेंबरातल्या पुण्यात मला साडेतीन तास लागले. घड्याळावर विश्वास ठेवला आणि दोन तासांनी भाजायला घेतलं तो घाणा वाया गेला. बोट दाबून बघा. खड्डा झटकन भरला तर अजून वेळ आहे, हळूहळू भरला तर घ्या, भरलाच नाही तर उशीर झाला.

पंच्याऐंशी ग्रॅमचे दहा गोळे. वीस मिनिटं ओल्या फडक्याखाली. कोंड्यात थापून पुन्हा पंचवीस मिनिटं झाकून. कोंडा गिरणीवाल्याकडे मिळतो.

ओटीजी २५० अंशांवर, दोन्ही कांड्या चालू, आत बिडाचा तवा उपडा. इथे तवा हाच तुमचा दगड. त्याला पुरती चाळीस मिनिटं तापू द्या. ओटीजीचा दिवा दहा मिनिटांत विझतो, तो हवेसाठी. तवा तोवर कोमटच असतो. पुठ्ठ्यावर कोंडा टाकून दोन पोयो सरकवा, बाजूच्या भिंतीवर पाण्याचा एक फवारा मारा, काचेवर मात्र नको, आणि दार लगेच बंद करा. सात-आठ मिनिटं. मधे दार उघडलं तर फुगा बसतो. प्रत्येक जोडीनंतर तव्याला पाच मिनिटं परत तापू द्या.

ओटीजी नसेल तर बिडाचा तवा गॅसवर कडकडीत तापवून पोयी टाका आणि वर जड कढई उपडी घाला. तीन मिनिटांनी उलटा, पुन्हा झाका. कोंडा जळतो, घरभर वास होतो, पण फुगते. चव निम्म्याला येते म्हणा.

पाचव्या प्रयत्नात माझ्या दहापैकी सहा फुगल्या. फोडलेल्या एका पोयीचा फोटो अंकलना पाठवला. संध्याकाळी उत्तर आलं, तीन शब्द: "सकयल उजो उणो." खाली आग कमी.

आता तवा साठ मिनिटं तापवते.